दोनदा वाजणारा भोंगा

ती घटना आजही आठवते, आणि आठवते ती रागासकट. नोकरीत खून पाहिले, दरोडे पाहिले, सख्ख्या भावाने भावावर कोयता चालवलेला पाहिला. त्या सगळ्यांचा राग तपास संपला की निवला. या एका प्रकरणाचा निवत नाही. बायको म्हणते, निवृत्त झालात, आता तरी सोडा. म्हणून एकदाचं लिहूनच टाकतो. नाव मात्र कुणाचंही देणार नाही, कारण त्यातली काही माणसं अजून हयात आहेत आणि त्यांची नातवंडं शाळेत जातात.

गोवा मुक्त होऊन वीसेक वर्षं उलटली होती. मी मूळचा पेडण्याचा, आणि नेमणूक डिचोली ठाण्यात उपनिरीक्षक म्हणून. हा सगळा खाणींचा मुलूख. पाळी गावाच्या बाजूला तर केळीच्या पानावर आणि वाळत घातलेल्या कपड्यांवरही लाल धूळ बसलेली असायची. तिथल्या लोकांचं घड्याळ म्हणजे खाणीचा भोंगा. दुपारी दोनला तो वाजला की शिफ्ट बदले, म्हातारी माणसं गोळ्या घेत, बायका नवऱ्याचं ताट करायला उठत. मनगटावर घड्याळ असलेला माणूससुद्धा भोंगा ऐकून काटे जुळवून घ्यायचा. घड्याळ चुकेल, भोंगा चुकणार नाही, असा विश्वास.

एका दुपारी तीन खाणकामगार ठाण्यात आले. त्या सकाळी त्यांचा एक सोबती ट्रकखाली सापडून गेला होता. खाणीवर रिवाज असा की कामगार गेला तर त्या दिवशी काम बंद, सुरुंग बंद आणि भोंगाही बंद. तिघांची तक्रार एवढीच होती की दीडच्या सुमाराला भोंगा वाजला.

“सायब, मडां अजून दारात आसा आणि भोंगो वाजता?” त्यांच्यातल्या वयस्कर माणसाने विचारलं. “गेलेल्याक इतकोय मान नाय?”

मी खाणीच्या कचेरीत फोन लावला. भोंग्याची खोली कुलूपबंद आहे, किल्ली मॅनेजरच्या खणात आहे, असं उत्तर आलं. मी ठाण्याच्या डायरीत नोंद केली: भोंगा वाजल्याबाबत तक्रार, खाण कार्यालयाकडून इन्कार. आणि पान उलटलं. मनात म्हटलं, दुःखात माणसाला नको ते ऐकू येतं. टेबलावर दोन चोऱ्या आणि हद्दीच्या दगडावरून झालेली एक डोकेफोड पडून होती.

चार दिवसांनी, बाजाराच्या दिवशी, एक बाई आली. दोडामार्गाकडचं माहेर, लाटंबार्से गावात दिलेली. पिशवीत मिरच्या आणि सुकी मासळी, म्हणजे घरी बाजाराला जाते म्हणून सांगून आलेली. हवालदाराने बाक दाखवला तरी बसली नाही.

“सायबांनु, माझ्या घोवाक धरून न्या,” ती म्हणाली. “पंधरा दिस आत घालून ठेवा.”

असं सांगणाऱ्या बायका ठाण्यात येतात. मी नेहमीचा प्रश्न विचारला, मारतो का?

“मारणा नाय. देवमाणूस आसा. तेच्या हातानच माझां चेडू मरतला.”

मग तिने सांगितलं. नऊ वर्षांची मुलगी. पिसाळलेला कुत्रा पोटरीला चावला. त्या काळी त्यावर एकच उपाय होता, बेंबीभोवती चौदा सुया, रोज एक, आणि एकही चुकवायची नाही. तो रोग एकदा अंगात जागा झाला की जगात औषध नाही. तीन सुया झाल्या. चौथ्या दिवशी बापाने मुलीला दवाखान्याऐवजी पाळीजवळच्या एका घरी नेलं. तिथे ‘घुमपी मशीन’, म्हणजे घुमणारं यंत्र, होतं.

या मशीनचं नाव माझ्या कानावर होतं. वर्षभरापूर्वी बाहेरून आलेल्या एका इसमाने ते काजूच्या बागेतल्या भाड्याच्या घरात मांडलं होतं. स्वतःला प्रोफेसर म्हणवायचा. घुमटावर, म्हणजे कातडं ताणलेल्या मातीच्या वाद्यावर, थाप पडली की शेजारची समई किणकिणते की नाही, असं तो विचारायचा. चतुर्थीला घरोघरी घुमट वाजवणारी माणसं मान डोलवायची, कारण ते खरंच होतं. मग म्हणायचा, तसाच काळालाही एक सूर असतो, माझं यंत्र तो सूर धरतं, सूर जुळला की काळ थरथरतो आणि मागे सरकतो. आणि लोक शपथेवर सांगायचे की सरकतो. दोनचा भोंगा ऐकला, यंत्र अर्धा तास घुमलं, आणि तोच दोनचा भोंगा पुन्हा वाजला! मोबदल्यात तो पैसे घ्यायचा नाही. कांसं मागायचा. देवघरातली घंटा, आजीचं ताट, जे काही पिढ्यानपिढ्या घरात वाजत आलंय ते. त्याच्या यंत्राला म्हणे जुना काळ ऐकलेलं कांसं लागतं.

मी तोवर ते सगळं हसण्यावारी नेलं होतं. तक्रार नाही तर गुन्हा नाही, हे आमचं ठाण्यातलं सोयीचं शास्त्र.

“तुम्ही होतात आत?” मी बाईला विचारलं.

“माका भायर बसयल्यानी. आवशीच्या काळजान सूर मोडता म्हणे. मी सोप्यार चेडवाच्या व्हाणो घेऊन बसलंय. भोंगो वाजलो. मगे मशीन घुमला. दुसरो भोंगो काय वाजाक नाय.”

“मग प्रोफेसर काय म्हणाला?”

“घोव भायर येऊन सांगता, प्रोफेसर म्हणालो, आज काळ इतको फाटी गेलो की भोंग्याची वेळच येवक नाय. कुत्रो चावच्या आदी गेलो. आता सुयो नकोत.” तिचा आवाज पहिल्यांदाच चढला. “सायबांनु, काळ फाटी गेलो तर चेडवाच्या पायावरचे दात कशाक रवले?”

एवढा साधा प्रश्न त्या घरात बसलेल्या एकाही पुरुषाला पडला नव्हता. मी विचारलं, तो कोणता दिवस? तिने सांगितला. त्याच दिवशी ते तीन कामगार माझ्यासमोर उभे होते. मी डायरी मागवली आणि माझ्याच अक्षरातली ती नोंद वाचली. कानाखाली बसावी तसं झालं.

“आणि एक सांगतंय,” ती म्हणाली. “भोंगो खाणीकडसून नाय वाजलो. घराच्या फाटल्यान, काजींतसून वाजलो.”

माझा हवालदारही पेडण्याचाच. तो हळूच म्हणाला, “सायब, बाई खोटा सांगणा नाय.” ते मलाही दिसत होतं.

प्रोफेसर कुठे पळत नव्हता, मुलीचे दिवस पळत होते. बाईला जीपमध्ये घेऊन आम्ही आधी लाटंबार्से गाठलं. मुलगी अंगणात शेणी मोजत होती, चेहरा टवटवीत. बाप दारात आडवा उभा राहिला. दांडगा, कष्टाळू माणूस. पोलिसाला तो घाबरला नाही.

“चेडू बरा आसा. तेका हात लावूक देवचंय नाय.”

मी कायदा सांगितला, रोग सांगितला, दरडावून पाहिलं. खरं सांगायचं तर बापाच्या ताब्यातून मुलगी उचलून सुई टोचायला नेण्याचं कलम माझ्याकडे नव्हतं. शेवटी मी चिडून विचारलं, अरे, तू बाप आहेस की कोण?

तेव्हा तो माणूस मोडला. “तीन दिस तेचे पाय मियां धरलंय, सायबांनु. ता बोंबलता, ‘बाबा सोड, बाबा सोड’ म्हणता, आणि मी धरून ठेवतंय. आणिक अकरा दिस धरूक माझ्यान जावचा नाय.”

आता सगळा उलगडा झाला. या माणसाला यंत्र पटलं नव्हतं, त्याला सुटका हवी होती. आणि त्या प्रोफेसरने नेमकं ते ओळखलं होतं. चोर घराची कमकुवत कडी शोधतो, तशी ही माणसं काळजाची शोधतात.

“पाय मी धरतो,” मी म्हणालो. “तू येऊ नको.”

तो बाजूला झाला. दवाखान्यातल्या डॉक्टरीणबाईंनी कागद पाहिला आणि माझ्यावरच उखडल्या. “चार दिवस तुटलेत! आता पहिल्यापासून चौदा. आणि चार दिवस तुम्ही सगळे करत काय होतात?” मी मुलीचे पाय धरले. त्या पायांत किती बळ होतं ते अजून माझ्या तळहातांना आठवतं. सुई झाल्यावर हवालदाराने तिला पोदेराकडून, म्हणजे पाववाल्याकडून, गरम उंडो आणून दिला. तो तिने रडत रडत खाल्ला.

मग यंत्राकडे वळलो. दुसऱ्या दिवशी मी साध्या कपड्यांत, दोन पंचांना घेऊन गिऱ्हाईक म्हणून गेलो. हवालदार आणि दोन शिपाई आधीच काजूच्या बागेत पसरले होते. दारावर एक परात होती. घड्याळं, अंगठ्या, साखळ्या सगळं त्यात काढून ठेवायचं, धातूने सूर बिघडतो म्हणून. मी मनगटावरचं घड्याळ परातीत टाकलं. दुसरं पायमोज्यात होतं.

आत जनेलं, म्हणजे खिडक्या, बंद, काळे पडदे, भिंतीवर एक मोठं घड्याळ आणि मधोमध ते यंत्र. रेडिओच्या कपाटाएवढी पेटी. वर तीन कांशाची भांडी, मध्ये घुमटाचं कातडं ताणलेलं तोंड, खाली शिलाई मशीनची मोटार आणि तिच्या पट्ट्याला चामड्याची गादी. प्रोफेसर अर्धा तास बोलला. गोड आवाज, स्वच्छ धोतर. मग भोंगा वाजला. भिंतीवरच्या घड्याळात बरोबर दोन. मी वाकून पायमोजा जरा खाली सारला, त्यातल्या घड्याळात दीड.

दिवा मालवला आणि मोटार सुरू झाली. चामडं कांशावर घासू लागलं, आणि तो आवाज हळूहळू चढत गेला. बाक थरथरायला लागला, दात हुळहुळायला लागले, छातीत कुणीतरी थाप मारतंय असं वाटू लागलं. ढोंग उघडं पाडायला गेलेल्या मलाही क्षणभर वाटलं, की हे खरं असावं. माझी आई मी प्रशिक्षणात असताना गेली, मला शेवटची भेटली नाही. त्या अंधारात मला तिची इतकी आठवण आली की मी बाकाची कड घट्ट धरली. आणि त्याच क्षणी मला भयंकर चीड आली, कारण शेजारी बसलेला प्रत्येक माणूस असंच कुणीतरी मनात घेऊन बसला होता आणि हा माणूस अंधारात घड्याळाचे काटे फिरवत होता.

आवाज थांबला. दिवा लागला. भिंतीवर पुन्हा दोनच वाजले होते, आणि दूरवर खाणीचा खरा भोंगा वाजला. एक म्हातारा हात जोडून रडायला लागला. मी पायमोज्यातलं घड्याळ काढून पंचांसमोर धरलं, त्यातही दोन. काळ जसा जायचा तसाच गेला होता. तेवढ्यात हवालदार एका चाळिशीच्या माणसाला दंडाला धरून आत घेऊन आला. दुसऱ्या हातात हँडलने फिरवायचा भोंगा, खाणीच्या भंगारातून उचललेला. तो प्रोफेसरचा मेव्हणा. रोज दीडला वाजवायचा. लोकांना वाटायचं खाणीवर कुठेतरी सुरुंग आहे, कारण सुरुंगाआधीही भोंगा देतात. कुणाला संशय येण्याचं कारणच नव्हतं.

पंचनामा केला. मागच्या खोलीत कांशाचा ढीग निघाला. देवांच्या घंटा एखाद्या बटाट्याच्या पोत्यासारख्या गोणपाटात भरलेल्या. हवालदाराने चप्पल काढून त्या उचलल्या.

चौकशीत प्रोफेसर दगड झाला. मी श्रद्धा दिली, सुया बंद करा असं कधीच बोललो नाही, बापाने स्वतः ठरवलं, एवढंच तीन तास. अशा माणसाला कितीही हलवा, तो आपलंच भाषण ऐकत राहतो. माझा अनुभव असा की टोळीत खोटं बोलणारा फुटत नाही, राबणारा फुटतो, कारण त्याच्या मनात तक्रार साठलेली असते. मेव्हण्याला मी चहा दिला आणि फक्त एक विचारलं, “त्या दिवशी तरी वाजवायचा नव्हतास. गावातला माणूस गेला होता.”

“मला काय ठाऊक, साहेब?” तो फटकन म्हणाला. “माणूस मेला की इथं भोंगा वाजवत नाहीत, हे आम्हाला कोण सांगणार? दाजींनी मलाच शिव्या घातल्या. म्हणाले, आता दुसरा भोंगा वाजलाच नाही, मी काय सांगू लोकांना? मग त्यांनीच काढलं ते, काळ लांब गेला म्हणून.”

“आणि सुयांचं?”

तो खाली बघू लागला. “प्रत्येक सुईनं काळ पुन्हा पुढं सरकतो, असं त्यांनी पोरीच्या बापाला सांगितलं. मी म्हटलं, दाजी, कुत्र्याचं प्रकरण आहे. तर म्हणाले, सुयांनी बरी झाली तर यंत्राचं नाव कसं होणार?”

हे वाक्य मी जबाबात लिहिलं तेव्हा पेन कागदात रुतलं. नाव होण्यासाठी! नऊ वर्षांच्या मुलीच्या जिवावर याला नाव करायचं होतं. त्या दिवशी मी कोठडीच्या बाजूला फिरकलो नाही, कारण माझा माझ्या हातावर भरवसा नव्हता.

चौदाही दिवस जीप लाटंबार्श्याला गेली. मला वेळ नसला तर हवालदार पाय धरायचा. मुलगी वाचली. फसवणूक आणि दुसऱ्याचा जीव धोक्यात घालणे, अशी कलमं लावून मी आरोपपत्र दाखल केलं. पुरावा पक्का होता असं मला वाटत होतं.

खटला उभा राहिला तेव्हा मेव्हणा जबाबावरून फिरला, ते अपेक्षितच होतं. पोलिसासमोर दिलेला जबाब कोर्टात उभा राहत नाही. मुलीच्या आईने सरळ साक्ष दिली, पण आरोपीच्या वकिलाने तिला एकच विचारलं, तुम्ही खोलीत होता का? नव्हते, असं तिला म्हणावं लागलं. खोलीत होता तो बाप. कांसं दिलेल्या लोकांनी ते खुशीने दिलं म्हणून सांगितल्यावर सगळी केस त्याच्यावर होती. तो पिंजऱ्यात उभा राहिला आणि समोर बघून म्हणाला, “प्रोफेसरांनी सुयो बंद करूक सांगूक नाय. मशिनीन माझां चेडू बरा झाला. जिता आसा, बघा.” आणि मागच्या बाकावर बसलेल्या मुलीकडे बोट दाखवलं.

आरोपी सुटला. भंगारातला भोंगा चोरल्याबद्दल मेव्हण्याला किरकोळ शिक्षा झाली तेवढीच. सरकारी वकील कागद गुंडाळत मला म्हणाले, “मुलगी गेली असती तर केस उभी राहिली असती हो.” ते दुष्ट नव्हते, धंद्याचं बोलत होते. मी मात्र तिथून चालता झालो.

बाहेर पायऱ्यांवर तो बाप माझी वाट बघत होता. माझ्या तोंडून काय काय निघालं ते इथे लिहिण्यासारखं नाही. त्याने सगळं ऐकून घेतलं.

“बोला सायबांनु, तुमचो हक्क आसा,” तो म्हणाला. “सुयांनी वाचला ता, माका कळता. मी काय येडो नाय.”

“मग आत काय बोललास ते?”

“तेना सांगल्यान आणि मी सुयो बंद केलंय, असा भर कोर्टात सांगूक जाय होता. म्हणजे मी माझ्या चेडवाक मरणाच्या दारात नेऊन ठेवलंय, असाच ना? ता मागे बसलेला. तेच्या कानार ह्या कसा घालू? उद्या मोठा झाला की माझ्याकडे कसा बघतला?”

मुलगी आईचा हात धरून पायऱ्या उतरत होती. बापाने तिला खांद्यावर घेतलं आणि ती तिघं बसस्टँडकडे गेली.

या प्रकरणाने मला काय शिकवलं, असं लोक विचारतात. भामट्याचा सगळ्यात भरवशाचा साक्षीदार म्हणजे त्याने फसवलेला माणूस. फसलो, हे तो एक वेळ कबूल करील. पण माझ्या फसण्यापायी माझं माणूस मरता मरता वाचलं, हे तो कुणाजवळ कबूल करत नाही. असे प्रोफेसर पुढेही पाहिले, वेगळ्या पेट्या घेऊन आलेले, आणि प्रत्येकाने याच लाजेच्या आड घर केलं होतं. त्यांच्याबद्दल माझ्या मनात आजही तसूभर दया नाही.

त्या बापावर मात्र मी फार काळ रागावू शकलो नाही, आणि त्याचं कारण मी आजवर कुणाला सांगितलेलं नाही. माझ्या साक्षीत मला विचारलं होतं, भोंग्याचा प्रकार तुम्हाला पहिल्यांदा कधी कळला? त्या चार दिवसांत मुलगी गेली असती तर, हा विचार माझ्या डोक्यात तेव्हाही होता. त्या तीन कामगारांच्या तक्रारीची नोंद असलेली डायरी समोर टेबलावर होती, कुणी उघडली नव्हती. ती बाई तिथेच बसली होती, माझ्याकडे बघत. मी म्हणालो, “बाई ठाण्यात आल्या त्या दिवशी.”